प्लॅस्टरमधले पाय

प्रयोग संपला, टाळ्याही झाल्या. पण चिमीला जागचं हलता येईना.

प्रयोग साधाच होता. घमेल्यात ओलं प्लॅस्टर, त्यात चिमीचे दोन्ही पाय आणि समोरच्या भिंतीवर तिनंच काढलेली नऊ मिनिटांची फिल्म, पुन्हा पुन्हा. तासाभरानं प्लॅस्टर फोडून तिनं चालत बाहेर पडायचं. नाटक, शिल्प, सिनेमा सगळं तिला एकदम हवं असे; त्यामुळे तिन्हीकडची मंडळी तिला परकीच समजत.

"मिश्रण पातळ वाटलं, म्हणून मी एक पिशवी जास्त ओतली," संयोजक कानाशी येऊन पुटपुटले.

त्यांनी हातोडी आणली. दोन घावांत घमेलं वाकलं, प्लॅस्टर ढिम्म. निघालेले प्रेक्षक परत खुर्च्यांवर बसले.

"अहो, मी खरंच अडकलेय!" चिमी ओरडली.

"आवाज काय लावलाय!" पहिल्या रांगेतले गृहस्थ बायकोला म्हणाले.

शेवटी संयोजकांनी जवळच्या दवाखान्यात फोन लावला. "प्लॅस्टर कापायला कुणी पाठवता का? नाही, हाड मोडलेलं नाही. हो, पेशंट उभा आहे."

त्या दवाखान्यात प्लॅस्टर कापायचं काम चिमीची ताई करत होती. सहा वर्षांपूर्वी, आई अंथरुणाला खिळली असताना, ताई म्हणाली होती, "आईजवळ बसायचं सोडून शूटिंग कसलं करतेस?" त्यानंतर बोलणं तुटलं. दर प्रयोगाचं आमंत्रण चिमी तिला पाठवायची. पहिल्या रांगेतली एक खुर्ची दर वेळी रिकामी राही.

ताई आली ती करवतीची पेटी घेऊन. बहिणीकडे न बघता तिनं थेट पायांकडे पाहिलं.

"आत कापूस घातलायस का?"

"हो."

"एवढी तरी अक्कल आहे. प्लॅस्टर तापतं, पाय भाजले असते."

करवत घुरघुरायला लागली. उजवा पाय सुटला, तेव्हा प्रेक्षकांनी टाळ्या वाजवल्या. ताईनं वैतागून मान वर केली, आणि तिची नजर भिंतीवर गेली.

भिंतीवर आई सुईत दोरा ओवत होती. तीनदा चुकली, दोऱ्यावर चिडली. मग कॅमेऱ्याकडे बघून म्हणाली, "बंद कर गं ते. बघ जरा, ताई आली का."

ताईनं करवत थांबवली.

"हे... मला माहीतच नव्हतं."

"तू कामावरून येईपर्यंत आई रोज विचारायची," चिमी म्हणाली.

चित्र संपलं, पुन्हा सुरू झालं. ताईनं पदरानं डोळे पुसले आणि पहिल्या रांगेतल्या खुर्चीवर जाऊन बसली.

"ताई, डावा पाय राहिलाय अजून!"

"ऐकलं. पण हलू नकोस," ताई भिंतीवरून नजर न काढता म्हणाली, "आईच्या तोंडावर तुझी सावली पडते."