नाव शेवटी येईल

जे काम उत्तम झाले की दिसत नाही, ते करणाऱ्याचे नावही दिसू नये, ही सुसंस्कृत समाजाची जुनी आणि योग्य रीत आहे. चित्रपटांचे संकलन हे असेच काम. लंडनच्या क्रॉयडन भागात ट्रामच्या थांब्यामागे राहणाऱ्या गेर्लिंडे हाफनर या जर्मन बाई ते तीस वर्षे निष्ठेने करीत आल्या.

ब्रेमेनमध्ये त्यांनी सिनेमे कापले (या धंद्यात कापणे म्हणजेच सुधारणे). लंडनला आल्यावर डिटेक्टिव्ह मालिका मिळाल्या. त्यांतला पोलिसांचा चहा बाईंनी इतका कमी केला की खुनी वेळेत सापडू लागले. मग टीव्हीवरची केकची स्पर्धा. स्पर्धकाचं रडू नेमकं कुठं तोडलं की प्रेक्षकाचं सुरू होतं, हे बाईंइतकं कुणाला कळत नसे.

श्रेयाची व्यवस्थाही प्रगत होत गेली. सिनेमात बाईंचं नाव येई तेव्हा प्रेक्षक कोट शोधत असत. टीव्हीवर ते मुंगीएवढं होऊन कोपऱ्यातून पळे. हल्ली तर नाव यायच्या आत पुढचा भाग आपोआप सुरू होतो. निवृत्तीआधी एकदा तरी कुणी आपलं नाव पूर्ण वाचावं, एवढीच इच्छा उरली होती. ती शेजारच्या मंजिरीला कळली. मंजिरी मराठी मंडळाची अध्यक्ष (बिनविरोध, दुसरं कुणी तयार नव्हतं).

"आमच्या मंडळाच्या अ‍ॅनिव्हर्सरीची फिल्म तुम्ही एडिट करा. शेवटी तुमचं नाव, फुल स्क्रीन. आमचे लोक एंडपर्यंत बसतात."

हे खरेच होते. फक्त एंड कोणता, हे मसालेभाताचं झाकण ठरवतं.

बाईंनी पाऊण तासाची देखणी फिल्म केली आणि आधी कार्यकारिणीला दाखवली. सर्वांना ती आवडली. प्रत्येकाला ती फक्त स्वतःच्या ठिकाणी थोडी तोकडी वाटली.

"मंजिरी, फिल्म एक नंबर," मुरलीधरकाका म्हणाले. "फक्त माझं दीपप्रज्वलन अर्धवट आलंय."

"काका, वात चौथ्या काडीला पेटली होती."

"मग चारही दाखवा. प्रयत्न दिसायला नकोत?"

नावं सुरू झाली तेव्हा खोलीत बाई आणि प्रोजेक्टर उरले होते.

प्रेक्षक हा बाईंचा अभ्यासाचा विषय. माणूस पडद्याकडे स्वतः दिसेपर्यंतच बघतो, हे त्यांनी ओळखलं. त्यांनी काकांच्या चारही काड्या जशाच्या तशा ठेवल्या (तीस वर्षांत प्रथमच काही न कापता) आणि समईखाली आपलं नाव ठळक लावून दिलं.

फिल्म मंडळात दाखवली त्या दिवशी काका डोळे न मिटता बघत होते. नंतर हातात ताट घेऊन ते बाईंकडे आले.

"बाई, काम झकास. पण माझ्या समईखाली ते लांबलचक नाव कुणाचं हो? तेलाचा स्पॉन्सर का?"

"तुम्ही पूर्ण वाचलंत?" बाईंनी विचारलं.

"पूर्ण. चार काड्या होईपर्यंत दुसरं काय करणार?"

बाईंनी त्या दिवशी मसालेभात दोनदा घेतला.

समोर बसलेल्या बाईंचंच ते नाव, हे काकांना कळू नये, याचं सुशिक्षित वाचकाला हसू येणं साहजिक आहे. हसून झालं असेल तर बाईंचं नाव सांगा बघू.

वर बघायचं नाही.