शंभर अंड्यांचा नवस

प्रासोंग गुरुजींनी सहलीचा क्रम बदलला तो निव्वळ भिडेपोटी. आधी देऊळ, मग धबधबा आणि दुपारी सगळे चियांग माईत परत, अशी ती अर्ध्या दिवसाची सहल. पण आज पौर्णिमा होती. टेकडीवरच्या वाट नाम यॉय या देवळापुढे गाड्यांची गर्दी उसळली होती आणि शिट्टी फुंकणाऱ्या एका माणसाने व्हॅनवर थाप मारून "पुढे घ्या, पुढे घ्या" असा घोषा लावला. दुसरा कोणी असता तर खाली उतरून त्याच्याशी दोन शब्द बोलला असता. गुरुजींनी काचेतूनच हात जोडून त्याची क्षमा मागितली आणि ते ड्रायव्हर तुईला म्हणाले, "आपण आधी धबधबा करू या का? म्हणजे, तुझी हरकत नसेल तर."

"मला कसली हरकत, गुरुजी? मी डिझेल जाळायलाच बसलोय."

गुरुजी शाळेतून निवृत्त झाले होते आणि आता एका सहल कंपनीत वाटाड्याची नोकरी करत होते. मुलांना शिकवताना त्यांचा आवाज तिसऱ्या बाकापर्यंत पोचत असे. व्हॅनमध्ये माइक होता, तरी तो तिसऱ्या सीटपर्यंतच पोचत होता. देवळाच्या इतिहासाची त्यांनी मोठी तयारी केली होती, पण मागून गप्पांचा आवाज वाढला की आपण लोकांना उगाच त्रास देतोय असं त्यांना वाटे आणि ते एखादं शतक गाळून पुढे जात.

पुढच्या सीटवर लामदुआन मावशी होती. तिला पहिल्याच वळणावर गाडी लागली होती. कापराची कुपी नाकाशी धरून, डोळे मिटून ती पडली होती. क्रम बदलल्याचं कळलं तेव्हा तिने एक डोळा उघडला.

"गुरुजी, पण दुपारच्या आत देवळात पोचू ना?"

"पोचू, मावशी. नक्की."

"दुपारच्या आत हं. नंतर नाही चालणार."

का नाही चालणार, एवढं जरी गुरुजींनी विचारलं असतं, तरी पुढचं काही घडलं नसतं. पण दुसऱ्याच्या खासगी गोष्टीत डोकावणं त्यांना जमत नसे.

गोष्ट अशी होती की, लामदुआन मावशीने नवस केला होता. तिचा मुलगा फूम यंदा एकवीस वर्षांचा झाला, आणि एप्रिलमध्ये त्याला गावातल्या इतर पोरांबरोबर फौजेची चिठ्ठी काढायची होती. लाल निघाली तर फौज, काळी निघाली तर घर. मावशी वाट नाम यॉयमध्ये लुआंग पूंच्या पुतळ्यापुढे जाऊन म्हणाली होती, "काळी निघू द्या. पुढच्या महिन्याच्या पौर्णिमेपर्यंत शंभर उकडलेली अंडी आणते." लुआंग पू हे फार पूर्वी होऊन गेलेले भिक्खू. त्यांना अंडी आवडत, असं म्हणतात. फूमची चिठ्ठी काळी निघाली. ती पौर्णिमा आज होती. आणि भिक्खूंना दुपारनंतर अन्न चालत नाही, मग ते पुतळ्यातले असले तरी.

या सगळ्याची थट्टा करायला मावशीचा नवरा होताच, आणि सहलीलाही तो बरोबर आला होता. हवालदार सिंगखाम वीस वर्षं फौजेत काढून घरी आले होते. "मी वीस वर्षं काढली, मेलो का? फौजेत पोरगं माणसात येतं," असं ते दाराशी येणाऱ्या भाजीवालीलासुद्धा सांगत. आज पहाटे मावशी अंडी उकडत होती, तेव्हा ते शेजारी बसून म्हणाले होते, "लुआंग पूंना पित्त होईल हं, फूमची आई."

तर ही अंडी, वर पांढरं फडकं बांधून, व्हॅनच्या मागच्या भागात एका मोठ्या वेताच्या टोपलीत होती.

धबधब्याशी पोचल्यावर मावशी गाडीतच झोपून राहिली. बाकीचे उतरून खाली गेले आणि थांबले. पावसाळ्यापूर्वीचे दिवस होते. उंच काळ्या खडकावरून पाण्याची एक बारीक रेघ ओघळत होती. खालच्या डबक्यात पलीकडच्या वस्तीतली पोरं डुंबत होती आणि त्यांचे गुडघे कोरडे होते.

"गुरुजी," लाम्फून गावात तळलेली केळी विकणारी सुमाली म्हणाली, "नळ कुणी बंद केला?"

सगळे हसले. गुरुजींना ते हसणं फार लागलं. पाणी आपणच कमी आणल्यासारखं त्यांना वाटलं. या लोकांना काहीतरी द्यायला हवं, असा विचार करत असतानाच त्यांना आठवलं की, कंपनीच्या मालकीणबाई निघताना म्हणाल्या होत्या, "खाऊ मागे ठेवायला सांगितलाय, गुरुजी. उकडलेली अंडी आणि चिकट भात. धबधब्यावर वाटा."

ते लगबगीने व्हॅनकडे गेले. मागे टोपली होती. फडक्याची गाठ जराशी सोडून पाहिलं, तर अंडी. भात दिसला नाही, पण अंडी इतकी होती की भाताची आठवण राहिली नाही. मालकीणबाई चिकट आहेत असं आपण मनात म्हणत आलो, याची गुरुजींना लाज वाटली.

टोपली एकट्याला पेलवेना. हवालदार बाजूला सिगारेट ओढत उभे होते.

"साहेब, जरा कडी धरता का?"

हवालदारांनी एकदा टोपलीकडे पाहिलं. एकदा काचेतून झोपलेल्या बायकोकडे पाहिलं. मग सिगारेट विझवली आणि कडी उचलली.

गुरुजींनी आयुष्यात इतक्या मोकळ्या हाताने कधी काही वाटलं नव्हतं. सहलीतल्या सगळ्यांना दोन दोन. सुमालीला तीन, कारण तिने मागितलं. डबक्यातली पोरं टकामका बघायला लागली, तेव्हा त्यांना. पोरांच्या आज्या आल्या, त्यांना. तिकीटघरातला माणूस आवाज ऐकून आला, त्याला. "घ्या, घ्या, आमच्या कंपनीकडून," गुरुजी म्हणत होते, आणि गंमत म्हणजे त्यांचा आवाज शेवटच्या पोरापर्यंत पोचत होता. हवालदार दगडावर बसून पोरांना अंडी सोलून देत होते. मध्येच एखादं स्वतःच्या तोंडात टाकत होते.

तेवढ्यात वरून लामदुआन मावशी आली. झोपेने तिला बरं वाटत होतं. "काय वाटताय, गुरुजी?" असं तिने हसत विचारलं. मग तिला टोपली दिसली. मग फडकं. मग पांढऱ्या टरफलांचा सडा.

"ही माझी अंडी," ती म्हणाली.

"नाही हो, मावशी, ही कंपनीची—" आणि गुरुजींचा फोन वाजला. मालकीणबाई होत्या. "गुरुजी, घोटाळा झाला. खाऊची पिशवी इथेच राहिली हो ऑफिसात. लोक उपाशी नाहीत ना?"

"नाहीत," गुरुजी म्हणाले. त्यांच्या हातातलं अर्धं अंडं खाली पडलं.

मावशी मटकन खाली बसली आणि रडायलाच लागली. नवसाची सगळी हकीकत तिने हुंदके देत सांगितली. ऐकता ऐकता ज्याच्या तोंडात घास होता तो चावायचा थांबला. एका लहान पोराने उरलेलं पिवळं गुपचूप टोपलीत परत ठेवलं.

"अर्धी तरी उरलीयेत," सुमाली म्हणाली. "तेवढी ठेवा आणि बाकीचं उद्या."

"उष्टी? लुआंग पूंना उष्टी टोपली दाखवू? आणि उद्या कसली? मी पौर्णिमेपर्यंत बोललेय. आज दुपारनंतर काय उपयोग? त्यांनी दिलंय तसं परत घेतलं म्हणजे? तपासणीत चूक झाली, पोराला परत आणा, असं वरून एक पत्र आलं की संपलं!" मग ती नवऱ्याकडे वळली. "आणि तुम्ही! तुम्ही बघत बसलात?"

"गुरुजी म्हणाले उचल. उचलली," हवालदार म्हणाले. "हुकूम होता."

"आणि खाल्लीत किती?"

हवालदारांनी मिशीवरचं पिवळं पुसलं. "चार."

"तुम्हाला तेच हवं होतं! पोरगं फौजेत जायला हवं होतं ना तुम्हाला!"

गुरुजी ओणवे होऊन मावशीसमोर हात जोडत होते. सगळी चूक आपली आहे, आपण ही नोकरी आजच सोडतो, आपण मुळात ती धरायलाच नको होती, असं काहीबाही ते बोलत होते. पण कोणाचं लक्ष नव्हतं. हवालदार बायकोकडे बघत उभे होते. तिच्या खांद्याला हात लावावा की नाही, हे त्यांना ठरवता येत नव्हतं. शेवटी ते एकदम करड्या आवाजात म्हणाले, "तुई! गाडी काढ. गरम झऱ्यावर घे."

"तिथे कशाला, साहेब?"

"तिथे अंडी मिळतात. झऱ्यातच उकडून होतात. तिथून देऊळ जवळ आहे. चल, चल, सगळे बसा!"

"तुम्हाला काय माहीत?" मावशीने नाक ओढत विचारलं.

"फौजेत सगळं शिकवतात."

गरम झऱ्यावर गंधकाचा वास आणि वाफ पसरली होती. काठावरच्या दुकानात अंड्यांच्या चळती होत्या. "काठीला अडकवायच्या टोपल्या आत डाव्या हाताला," दुकानदारीण काही बोलायच्या आत हवालदार म्हणाले. ती त्यांच्याकडे बघून ओळखीचं हसली. हवालदारांनी खोकून दुसरीकडे पाहिलं आणि शंभर अंडी मोजून घेतली.

मग सगळी सहल कुंडाभोवती रांगेने उभी राहिली. प्रत्येकाच्या हातात काठी, काठीला टोपली, टोपलीत अंडी, आणि चेहरे मासे पकडायला आल्यासारखे. नवीन लग्न झालेलं एक जोडपं होतं. किती वेळ उकडायचं यावरून त्यांचं पहिलं भांडण इथेच झालं. सुमाली कुंडाभोवती फिरून सगळ्यांना दम देत होती. "ए, तुझी वर आलीयेत, बुडव! गुरुजी, तुम्ही इतिहास सांगू नका, टोपलीकडे बघा!"

गुरुजी टोपलीकडेच बघत होते. मधूनमधून ते सूर्याकडे बघत. सूर्य भराभर वर चढत होता.

"पुरे!" हवालदार ओरडले. "काढा!"

"कच्ची राहतील की!"

"राहू देत. उशीर झाला तर शिजलेली काय कामाची? काढा!"

देवळाशी व्हॅन पोचली तेव्हा तोच माणूस शिट्टी फुंकत पुढे आला. "पुढे घ्या, पुढे—"

गुरुजी दार उघडून खाली उतरले. "आम्ही पुढे जाणार नाही," ते म्हणाले. "आमचा नवस आहे."

शिट्टीवाल्याने शिट्टी तोंडातून काढली. "मग आधी नाही का सांगायचं, गुरुजी? नवसवाल्यांसाठी आत जागा ठेवलीये. सकाळपासून रिकामी आहे."

गुरुजींनी पुन्हा हात जोडले आणि तुईला गाडी आत घ्यायची खूण केली.

चपला काढून, अंडी छातीशी धरून सगळे धावले. लुआंग पूंच्या काळ्या पुतळ्यापुढे मावशीने मोठ्या ताटात अंडी रचली, उदबत्त्या लावल्या आणि ती गुडघ्यांवर बसली. देवळातली दुपारची घंटा अजून व्हायची होती. सगळ्यांनी श्वास सोडला, आणि त्याच क्षणी ढिगाच्या टोकावरचं अंडं घरंगळलं, जमिनीवर आपटलं, आणि त्यातून पिवळं भळभळा वाहत पुतळ्याच्या पायांपर्यंत गेलं.

उदबत्त्यांची राख झाडणारी, पांढऱ्या वस्त्रातली एक म्हातारी साध्वी फडकं घेऊन आली.

"असू दे, बाई, असू दे," ती पुसता पुसता म्हणाली. "लुआंग पूंना सवय आहे. गेल्या महिन्यात यांनी आणली होती ती तर याहून पातळ होती." आणि तिने मान वर करून हवालदारांकडे पाहिलं. "काय हो, पुन्हा आलात? पोरगा एकच आहे म्हणाला होतात ना?"

गाभाऱ्यातल्या सगळ्या माना हवालदारांकडे वळल्या.

"फूमचे बाबा?" मावशी म्हणाली.

हवालदार छताकडे बघत होते. छतावर बघण्यासारखी चित्रं होती, पण इतका वेळ नव्हे.

"काळी चिठ्ठी मागितली होती त्यांनी," साध्वी सहज म्हणाली. "निघाल्याच्या दुसऱ्या दिवशी शंभर आणून ठेवली. मोटारसायकलवरून एकटेच आले होते. वाटेत सात-आठ फुटलीही होती, ती बदलून आणायला परत गेले."

"अहो, तुम्ही तर म्हणत होतात, फौजेत पोरगं माणसात येतं."

"वीस वर्षं होतो ना मी," हवालदार हळूच म्हणाले. "तिथे काय काय असतं, ते मला माहीत आहे."

मावशीचे डोळे पुन्हा भरून आले, आणि मग तिला दुसरंच काही आठवलं.

"मग मला सांगायचं ना! मी पहाटेपासून चुलीशी उभी, आणि तुम्ही शेजारी बसून लुआंग पूंच्या पित्ताच्या गोष्टी करता?"

"सांगितलं असतं तर तू जन्मभर चिडवलं असतंस."

"आणि अंडी वाटू दिलीत!"

"मला वाटलं, लुआंग पूंचं पोट भरलेलं आहे. त्या पोरांचं नव्हतं."

साध्वी फडकं पिळत म्हणाली, "आता तुमची शंभर जास्त झालीत. आणखी काही मागायचं असेल तर मागून घ्या."

मावशीने हात जोडले, डोळे मिटले आणि कपाळ जमिनीला टेकून काहीतरी पुटपुटली.

"काय मागितलंस?" हवालदारांनी विचारलं.

"सांगायचं नसतं. मिळालं तर कळेल. आणि फेडायला तुम्ही यायचं. अंडी नीट उकडून."

उदबत्त्या विझल्यावर, लुआंग पूंचा निरोप घेऊन सगळ्यांनी अंडी वाटून घेतली. खायची इच्छा मात्र कोणालाच उरली नव्हती. व्हॅनमध्ये गुरुजींनी माइक हातात घेतला, थोडा विचार केला आणि पुन्हा ठेवून दिला. मागून सुमाली म्हणाली, "बोला ना, गुरुजी. देवळाचं सांगणार होतात ते राहिलंच की." तेव्हा त्यांनी सांगायला सुरुवात केली, आणि या वेळी एकही शतक गाळलं नाही.

पुढच्या सीटवर मावशीने तुईशेजारी जागा करून नवऱ्याला बसवून घेतलं होतं. कुपी एका हातात धरून तिने दुसऱ्या हाताने एक अंडं जपून सोललं आणि त्यांच्यापुढे केलं.

"घ्या. आता खाल्लंत तर चालेल."

"अगं, पाचवं होईल."

"खा."

पातळ पिवळं हवालदारांच्या मनगटावरून ओघळलं, पण त्यांनी ते सगळं खाल्लं. हुकूम होता.