गुळव्यांची कामवाटणी

अविनाश गुळवे पहिल्यांदा आमच्याकडे चहाला आले, तेव्हा माझ्या बायकोने, स्वातीने, शेगडीवर दूध ठेवलं आणि बेल वाजली म्हणून ती पार्सल घ्यायला खाली गेली. मी मोबाइलमध्ये डोकं घालून बसलो होतो. गुळवे सोफ्यावरून उठले, स्वयंपाकघराच्या दारात जाऊन उभे राहिले आणि म्हणाले, "दुधाला जबाबदार कोण?"

"आम्ही दोघंही आहोत की," मी म्हणालो.

"दोघं म्हणजे कोणीच नाही. नाव सांगा."

मी नाव सांगेपर्यंत दूध उतू गेलं. आणि काय सांगू तुम्हाला, त्या माणसाच्या चेहऱ्यावर इतकं समाधान! शेगडी मात्र त्यांनीच पुसली.

गुळवे मूळचे बार्शीचे. वय त्रेचाळीस, लग्न केलेलं नाही. इथे जर्मनीत, ड्रेस्डेनच्या एका कॉम्प्युटर चिप बनवणाऱ्या कारखान्यात ते शिफ्टचं वेळापत्रक आखतात. आमच्या गणपतीत आरतीच्या आधी "कापराला जबाबदार कोण?" हे त्यांनी विचारलं नाही असं एकही वर्ष गेलेलं नाही. "बघू रे, सगळे मिळून करू" असं कोणी म्हणालं की त्यांच्या कपाळावरची शीर उडायला लागते. खरं सांगतो, आम्ही त्यांना टाळायचो. पण ते टळायचे नाहीत.

मग आमच्या मित्राचं, ओंकारचं लग्न ठरलं. मुलगी इथलीच, लेना. ओंकार लहान असतानाच त्याचे वडील गेले. आईने कराडला शाळेत शिकवून या एकुलत्या एक पोराला वाढवलं. या काकूंचा व्हिसा झाला होता, तिकीट आलं होतं, आणि लग्नाला तीन आठवडे असताना त्या न्हाणीघरात घसरल्या. खुब्याचं हाड मोडलं. ओंकार म्हणाला, लग्न पुढे ढकलतो. काकूंनी खाटेवरूनच त्याला झापलं, "माझ्या हाडापायी मुहूर्त थांबवायचा नाही. मी फोनवर बघेन."

वरपक्ष म्हणजे आम्ही चौघं मित्र: मी, सुमित, रवी आणि गुळवे. गुळव्यांनी बैठक बोलावली. कागद आधीच तयार होता. प्रत्येक कामापुढे एकच नाव, आणि सहीला जागा!

मला अंतरपाट. "उंची सारखी राहिली पाहिजे," गुळवे म्हणाले, "मंगलाष्टकं संपेपर्यंत हात खाली येता कामा नये." मी आठवडाभर घरात चादर धरून उभा राहत होतो. दुसरं टोक स्वाती धरायची आणि हसून हसून सोडून द्यायची. रवीला अक्षता. जर्मन पाहुणे वाट्टेल तेव्हा तांदूळ फेकतील, म्हणून 'सावधान' ऐकल्यावरच हात उचलायचा हे त्याने चाळीस लोकांना शिकवायचं. सुमितकडे नवरदेवाचे बूट राखायचं काम. पण लेनाच्या मैत्रिणींना बूट चोरायचे असतात हे ठाऊकच नव्हतं. गुळव्यांनी त्यांना एका कॅफेत बोलावून चोरीचं रीतसर शिक्षण दिलं.

"अहो, तुम्ही नक्की कोणाच्या बाजूने?" सुमित कळवळून म्हणाला.

"चोरायला कोणी नसेल तर तुम्ही राखणार काय?"

कागदाच्या तळाशी 'फोन' लिहिलं होतं आणि पुढे 'गुळवे'. मला राग आला. आम्हाला हात मोडेस्तोवर कामं आणि स्वतःला फोन? "फोनला काय," मी म्हणालो, "स्टँडवर लावून टाकू."

"स्टँड पडतो," गुळवे म्हणाले आणि कागदाची घडी घातली.

लग्न लेनाच्या आजोबांच्या बागकाम मंडळाच्या हॉलमध्ये होतं. जाड भिंतींची जुनी इमारत, वायफाय नाही. लग्नाच्या आदल्या दिवशी आम्ही सजावटीला गेलो, तर गुळवे हातात फोन घेऊन भिंतीभिंतीने फिरत होते. लेनाच्या आईची स्टेजवर फुलं लावून झाली होती. गुळवे स्टेजवर चढले, उतरले आणि जाहीर केलं, "इथे नेटवर्क नाही. मांडव हलवावा लागेल."

"कुठे?"

त्यांनी टोकाच्या खिडकीकडे बोट दाखवलं. तिथे कोट टांगायच्या खुंट्या होत्या आणि टॉयलेटकडे जाणारा एक मोठा बाण.

लेना जर्मनमध्ये जे काही म्हणाली ते मी इथे देत नाही. थोडक्यात सांगायचं तर बाणाखाली ती लग्न करणार नव्हती. पूजा सांगणारे बर्लिनचे गुरुजी आठवडाभर सॉफ्टवेअर लिहितात. ते फोनवर म्हणाले, दिशा चुकता कामा नये. गुळव्यांनी खिशातून होकायंत्र काढलं. "नवरा-नवरी आहेत त्याच दिशेला तोंड करून उभे राहतील, गुरुजी. फक्त चौदा पावलं सरकतील."

मला वाटलं आपण काहीतरी शहाणपणाचं बोलावं. म्हणालो, "स्टेजवरच करू. रेकॉर्ड करून काकूंना लगेच पाठवू, त्यात काय!"

गुळवे माझ्याकडे वळले. एवढ्या वर्षांत मी त्यांचा आवाज चढलेला ऐकला नव्हता. "रेकॉर्ड करून? आणि अक्षता? त्या काय नंतर टाकणार? लग्न लागून गेल्यावर?"

ओंकारने लेनाला जर्मनमध्ये एवढंच सांगितलं की आई तिकडे खाटेवर तांदूळ घेऊन बसणार आहे. लेनाने गुळव्यांकडे बघितलं, बाणाकडे बघितलं आणि स्वतःच फुलांची पहिली माळ सोडायला घेतली. बाणावर गुळव्यांनी आंब्याच्या पानांचं तोरण लावलं. पानं कागदाची होती, पण बाण झाकला.

लग्नात मी अंतरपाट धरून उभा होतो, तेव्हा मला गुळवे नीट दिसत होते. पहिल्या रांगेतली एक खुर्ची त्यांनी रिकामी ठेवायला लावली होती. तिच्याशेजारी ते गुडघ्यावर बसले होते आणि फोन बरोबर बसलेल्या बाईच्या डोळ्यांच्या उंचीवर धरला होता. काकू तिथे असत्या तर त्यांना जेवढं दिसलं असतं, तेवढंच दाखवत होते. हळू आवाजात सांगणंही चालू होतं, "काकू, ही डावीकडे लेनाची आजी. रडतेय ती. आता ओंकारकडे वळतो हं. काकू, तांदूळ घ्या हातात... आता!"

फोनमधून काकूंचा "सावधान" आमच्याबरोबर ऐकू आला. ओंकारने एकदाच त्या खुर्चीकडे बघितलं आणि त्याचा चेहराच बदलला. मी अंतरपाट काढला, पण मला समोरचं काही धड दिसेना.

सगळे जेवायला बसले, तरी गुळवे फोन घेऊन टेबलाटेबलाने फिरत होते. शेवटी काकू म्हणाल्या, "सगळं बघितलं रे बाबा, डोळे भरून. फक्त तूच दिसला नाहीस. तोंड दाखव की तुझं."

गुळव्यांची एकदम धांदल उडाली. त्यांनी फोन माझ्या हातात कोंबला आणि पासपोर्टच्या फोटोला राहतात तसे समोर ताठ उभे राहिले.

"एवढं नीट दाखवायला कोणी शिकवलं तुला?"

"कोणी नाही काकू. माझ्या बहिणीचं लग्न मी फोनवरच बघितलं. इथे राहायच्या परवान्याचं काम अडकलं होतं, निघताच येईना. चुलतभाऊ म्हणाले, सगळे मिळून दाखवू तुला. फोन तांब्याला टेकवून ठेवला होता. कोणीतरी तांब्या उचलला. मंगलाष्टकं ऐकू आली. दिसला तो छताचा पंखा. दोन तास."

"मग रे?"

"ओरडलो. पण बँड वाजत होता. फोन ठेवला नाही मी, वाटलं कोणीतरी उचलेल. संध्याकाळी तिने विचारलं, दादा, कसं दिसलं लग्न? म्हटलं, छान दिसलं."

काकू मास्तरीणबाईंच्या आवाजात म्हणाल्या, "जेवलास का?"

"घेतो नंतर. मला एकट्याने जेवायची सवय आहे."

"काही नंतर नाही. ताट आण आणि माझ्यासमोर बस."

गुळव्यांनी मुकाट्याने ताट आणलं आणि बसले. मी समोर फोन धरून उभा. "वरण घे अजून," काकू म्हणाल्या, "भात कोरडा दिसतोय तुझा." गुळव्यांनी वरण घेतलं. मान खाली घालून ते जेवत होते आणि मधूनच बाहीने डोळे पुसत होते.

आधी अंतरपाट आणि आता फोन धरून माझे खांदे भरून आले होते. सुमितच्या ते लक्षात आलं असावं. जवळ येऊन म्हणाला, "दे इकडे, जरा वेळ मी धरतो."

मी दिला नाही.