जर्दाळूच्या स्कोनची जाहीर बदनामी

आपण केलेल्या पदार्थाची बदनामी दुसऱ्या कुणी करण्याआधी स्वतःच उरकून घेणं, हे सुसंस्कृत समाजाचं पहिलं लक्षण होय. या कसोटीवर इंग्लंडातल्या कॉर्नवॉलमधलं पेनवेरिस गाव जगात अव्वल ठरावं. तिथल्या बायकांच्याच निवेदनानुसार गेल्या चाळीस वर्षांत गावात एकही स्कोन, म्हणजे चहाबरोबर खायचा छोटा गोडसर पाव, धड फुगलेला नाही. (त्याच काळात उरलेले स्कोन : शून्य.)

कार्यपद्धती सोपी आहे. करणारीने बशी पुढे करताना पदार्थाला किमान तीन नावं ठेवावीत. पाहुण्यांनी ती तिन्ही खोडून काढावीत. मगच खायला सुरुवात. दुसऱ्याच तक्रारीला घास घेणं असभ्य समजलं जातं. (तिसरीपर्यंत चहा गार होतो. ते सभ्य समजलं जातं.)

सोळा वर्षांच्या लव्हडेला हे सगळं पाठ होतं, पण त्या बुधवारी तिचा आनंद पोटात मावत नव्हता. आयुष्यात पहिल्यांदा तिचे स्कोन ताठ उभे राहिले होते! थंड लोणी पिठात बोटांच्या टोकांनी चोळलेलं, आत जर्दाळूचे तुकडे आणि परसातल्या थाइमच्या पाल्याचा ओव्यासारखा दरवळ. शनिवारच्या जत्रेत चहाच्या टेबलावर ते ठेवायला मिळावेत, एवढंच तिला हवं होतं. निवड पॅस्कोबाईंच्या समितीकडे होती आणि चव घ्यायची बैठक त्यांच्याच घरी.

"बसलेत म्हण," आईने निघताना बजावलं.

"पण आई, बसले नाहीयेत!"

"मग? मी काय तुला त्यांच्यावर बसायला सांगतेय का? नुसतं म्हण."

बैठकीत पॅस्कोबाईंनी आधी आपली बशी पुढे केली. "दगड झालेत मेले. हातच गेलाय माझा आताशा."

"छे छे! काहीतरीच काय, डोरीन!" समिती एका सुरात म्हणाली.

लव्हडेने घास घेतला, चावला, पुन्हा चावला आणि मदतीच्या शुद्ध भावनेने म्हणाली, "हो, कडक झालेत जरा. पीठ जास्त मळलंत का? माझे मस्त झालेत बघा, घ्या ना!"

या वाक्याला द्यायचं उत्तर कार्यपद्धतीत नव्हतं. समितीने माना खाली घालून लव्हडेची बशी रिकामी केली आणि भरल्या तोंडाने, एकमताने ठराव केला : स्कोन अपात्र. (कारण : करणारीचं त्यांच्याबद्दलचं मत.)

लव्हडेचे डोळे भरून आले. तिला दारापर्यंत सोडायला आलेल्या पॅस्कोबाईंनी हळूच विचारलं, "थाइम ओला की वाळलेला गं?"

"ओला."

"हं. शुक्रवारी परत ये, राणी. पण या वेळी माणसासारखी वाग."

शुक्रवारी तेच पीठ, तेच जर्दाळू. लव्हडेने बशी ठेवली. "यांना स्कोन म्हणणं हा पिठाचा अपमान आहे. बसलेत, करपलेत, साबणासारखे लागताहेत. आमच्या कुत्र्याने नुसतं हुंगून तोंड फिरवलं."

समितीला गहिवरून आलं. "छे छे" म्हणता म्हणता दोघींचा घसा बसला. "पोर मोठी झाली हो," म्हणत पॅस्कोबाईंनी डोळे टिपले. टेबलावर जागा मिळाली.

शनिवारी पहिलाच आला तो लंडनचा एक भला माणूस. त्याने लव्हडेचा एक स्कोन उचलला. "कसे आहेत हे?"

"अगदीच बसलेत हो," लव्हडे लाजून म्हणाली.

"असं होय? सांगितलंत ते बरं केलंत." त्याने स्कोन परत ठेवला आणि शेजारचा पाकिटातला केक घेतला. (पाकिटावर 'अप्रतिम' असं छापलेलं होतं.)

"कसली एकेक माणसं असतात!" समिती हळहळली.

तुम्हीही त्याला हसलाच असाल. तुम्ही असं मुळीच केलं नसतं. तुम्ही दोन खाल्ले असते, वर कृती विचारून घेतली असती. तुमचा हा सभ्यपणा वाया गेलेला नाही. यंदाच्या दिवाळीत तुमच्या वहिनींनी चकल्यांचा एक डबा खास तुमच्यासाठी वेगळा काढून ठेवायचं ठरवलं आहे. गेल्या वर्षी तुम्हाला 'फार आवडल्या' होत्या, अगदी त्याच भाजणीच्या.