खोट्या जखमांचे भास्करकाका

मोटारसायकलवरून घसरून मी भास्करकाकांच्या फाटकापुढेच आपटलो. गुडघा फुटला, रक्त यायला लागलं. काका धावत आले, उकिडवे बसले, चष्मा वर करून गुडघ्याकडे टक लावून पाहत राहिले आणि म्हणाले, "रंग कच्चा हाय. पडद्यावर बिलकुल चालणार न्हाई. याच्यात चिमूटभर कॉफी पाह्यजे."

नवीन जालन्यात आमची घरं शेजारी. काकांनी तीस वर्षं मुंबईत सिनेमांसाठी जखमा केल्या. भाजलेले हात, फुटलेली डोकी, छातीत घुसलेल्या गोळ्या, सगळं रबर, डिंक आणि रंगातून. त्यांचं नाव यायचं सिनेमाच्या अगदी शेवटी, लोक खुर्चीखाली चपला शोधत असताना. सुट्टीत इकडे आले आणि त्यांचा सिनेमा लागलेला असला, की टॉकीजचं दार अडवून ते उभे राहत. "थांबा की! नाव येऊन राह्यलंय!" लोक त्यांना डोअरकीपर समजून संडास कुठे आहे ते विचारत.

निवृत्त होऊन परतले तेव्हा मी त्यांच्या कलेचा फायदा घ्यायचं ठरवलं, आणि तिथेच माती खाल्ली. चतुर्थीला राजूरच्या गणपतीला जायला बियाणे कंपनीतून रजा मिळेना. काकांनी माझ्या हातावर असा काही भाजल्याचा फोड काढला, की साहेब कळवळले आणि स्वतःच्या गाडीत घालून मला दवाखान्यात घेऊन गेले. नर्सने कापूस फिरवला, फोड कापसासोबत निघून आला. रजा गेलीच, वर इज्जतही गेली.

संध्याकाळी काकांना हे सांगितलं. त्यांनी एवढंच विचारलं, "पण कापूस लावोस्तोर नर्सला कळलं न्हाई ना?"

मागच्या वर्षी सुमनकाकूंना, म्हणजे त्यांच्या बायकोला, कॅन्सर झाला. केमोने केस गेले, भिवयाही गेल्या. दुखण्याला काकू डगमगल्या नाहीत, पण भाचीचं लग्न आलं आणि अडून बसल्या. मन तर सगळं लग्नाकडे लागलेलं.

"म्या न्हाई येत. येक येक बाई गळ्यात पडून रडंल. मला लगीन पाह्यचंय, माझी मयत न्हाई."

काकांनी माळ्यावरची सिनेमाच्या सामानाची पेटी खाली काढली. केसांचा टोप बरोबर बसला. भिवया मात्र हाताच्या सवयीने डाकूच्या झाल्या. काकूंनी आरशात पाहिलं. "अहो, मी आहेर द्यायला चाल्ले का मांडव लुटायला?"

मदत म्हणून मी भिंतीवरचा त्यांच्या लग्नाचा फोटो काढून पुढे धरला. काकांनी मान वर केली नाही. "ठिव तिकडं. डाव्या भिवईत बारीक खंड हाय, लहानपणी चौकट लागल्ती तिला. मला समदं माहीत हाय." मग बारीक जाळीवर एकेक केस चिमट्याने चिकटवत बसले. चार दिवस लागले.

लग्नाला मीही सोबत होतो. कुणाला काही कळलं नाही. बहीण म्हणाली, "आक्का, तब्येत सुधरली की तुझी!" काकूंनी दोन वाट्या मठ्ठा प्यायला, मानाच्या साडीवरून व्याह्यांशी मनसोक्त हुज्जत घातली. काका दर पंधरा मिनिटांनी रुमाल घेऊन येत आणि त्यांच्या कपाळावरचा घाम अलगद टिपून जात. बायका पदराआड हसत होत्या, "या वयात बी!"

मला वाटलं होतं, काका मांडवभर आपलं कौतुक करून घेतील. ते मात्र रुमाल सांभाळत काकूंच्या आसपासच राहिले.

परत आल्यावर काकू पलंगावर टेकल्या. "काढा आता हे. खाजून राह्यलं."

काकांनी कापूस भिजवला, हातात धरला आणि तसेच उभे राहिले. "ऱ्हाऊ दे की, सुमन. थोडा येळ."

साऱ्या दुनियेला फसवणारा माणूस स्वतःच फसून बसला होता.

काकूंनी त्यांच्या हातातून कापूस घेतला, स्वतःच भिवया पुसून काढल्या. "जा, च्या टाका."

काका आत गेले. बऱ्याच वेळाने मी डोकावलो, तर पातेल्यात नुसतं पाणी उकळत होतं. पत्ती टाकायची राहूनच गेली होती.