रुचिता भगतच्या सत्काराची कार्यवाही

थळच्या रुचिता बुधाजी भगत या अकरा वर्षं मालिकांत काम करत असूनही गावात त्यांचा जाहीर सत्कार झालेला नाही, ही गंभीर बाब सत्कार समितीच्या निदर्शनास आली. नायिकेच्या डाव्या खांद्यामागे मोठी काकू म्हणून उभं राहायचं आणि वेळ आली की "अगं बाई!" म्हणायचं, हे त्यांचं कार्य. ठराव एकमताने मंजूर झाला.

रुचिताला आनंद झाला तो आईसाठी. कमळबाईंना टीव्हीवर लेकीचा बहुतेक वेळा कोपरच दिसायचा. "एकदा तरी तुला समोरशी बगू दे गो," त्या म्हणायच्या. कार्यक्रमाच्या दिवशी सकाळी नऊलाच त्या पहिल्या रांगेत जाऊन बसल्या.

दहा वाजता समितीचे अध्यक्ष अंबाजी माईकवर आले. "सत्कार मान्यवरांच्या हस्ते होईल. मात्र आधी मान्यवरांचा सत्कार करणं क्रमप्राप्त आहे."

मान्यवरांचा सत्कार साध्या माणसाच्या हस्ते शोभला नसता, म्हणून माजी सभापतींना वर बोलावलं. ते वर आल्याबरोबर मान्यवर झाले, त्यामुळे आधी त्यांचा सत्कार करणं भाग पडलं. तो करायला मच्छीमार सोसायटीचे चेअरमन आले. तेही मान्यवर झाले.

साडेअकराला स्टेजवर अठरा मान्यवर, एकोणिसावी रुचिता आणि खुर्च्या अठरा. अंबाजी रुचिताच्या कानाशी वाकले. "ताई, तुम्ही जरा उभ्या राहता का? तुम्हाला सवय आहे."

रुचिता उभी राहिली. मग कोणीतरी तिच्या हातात शाल-श्रीफळाचं ताट दिलं.

"रुचे, तुजा नंबर कंदी गो?" कमळबाईंनी खालून विचारलं.

"येईल आई."

बाराला शाली संपल्या. रुचितासाठी राखून ठेवलेली शाल मंडपवाल्याला गेली. त्याच्याशिवाय कार्यक्रम उभाच राहिला नसता, हे सर्वांना पटलं. दीडला अंबाजींनी आभार मानायला सुरुवात केली. "आणि शेवटी, न बोलता सहकार्य करणाऱ्या आपल्या ताई..."

रुचिताने ताट अंबाजींच्या हातात दिलं आणि माईक स्वतःकडे ओढला.

"मी रुचिता बुधाजी भगत. आजचा सत्कार माझा होता. अकरा वर्षं मी दुसऱ्यांच्या लग्नात, बारशात, मयतीत मागे उभी राहिले. आज माझी आई आली होती. तिच्यासाठी तरी मला पुढे घ्यायचं होतंत."

मंडपात टाळ्यांचा कडकडाट झाला.

"काय अॅक्टिंग! डोळ्यांत खरं पाणी!" चेअरमन म्हणाले.

"ताई, परत एकदा म्हणा," मंडपवाला शाल सावरत म्हणाला. "मोबाईल चालू करायचा राहिला."

कमळबाई तेवढ्या उठून उभ्या राहिल्या. "चल पोरी, घरी. बगितली तुला."

एका पोराने मात्र सगळं टिपलं होतं. तो व्हिडिओ तीन लाख लोकांनी पाहिला. तुमच्याही मोबाईलवर आला असेल. तुम्हीच तर खाली लिहिलं होतंत: "बाई छान बोलतात. पण मालिकेतली मेन हिरोईन का नाही बोलावली?"