कोंबड्यांची अंघोळ

पंचमीला माहेरी जायचं, तर आधी कोंबड्यांच्या पिसवा घालवायच्या, अशी अट फुलाबाईंनी सुनेला घातली होती. अट वावगी नव्हती. श्रावणाच्या झडीनं अंगणात चिखल झाला होता, कोंबड्यांना लोळायला कोरडी धूळ उरली नव्हती, आणि त्यांच्या अंगावरच्या पिसवा फुलाबाईंच्या वाकळेत मुक्कामाला आल्या होत्या.

चंद्राची लग्नानंतरची ही पहिलीच पंचमी. तिचा सगळा जीव माहेरच्या झोक्याकडे लागला होता. तिनं गोठ्याच्या कोपऱ्यात फुटक्या रांजणाचं बूड मांडलं आणि त्यात चाळलेली माती आणि चुलीतली राख ओतली.

शेजारची म्हाळसा बांधावरून म्हणाली, "तंबाकूची पूड टाक की त्यात. पिसवा बांध वलांडून पळत्यात बघ."

घरात तंबाखू होती ती सासूबाईंच्या मिश्रीतली. विलायती बिस्किटांच्या रिकाम्या डब्यात ती मिश्री देवासारखी जपलेली असे. चंद्रानं डबा गुपचूप गोठ्यात आणला. घ्यायची होती चिमूटभरच, पण तिनं झाकण काढायला आणि कोंबड्यानं रांजणात उडी मारायला एकच गाठ पडली. डबा रांजणात उपडा झाला.

बारामतीचा बाजार लांब होता आणि भाऊ सकाळीच न्यायला येणार होता. चंद्रानं वरचा थर खरवडला, जुन्या लुगड्याच्या फडक्यातून चाळला आणि डबा काठोकाठ भरून जागेवर ठेवला.

सकाळी तिचा भाऊ गेणू लोणी भापकरहून बैलगाडी घेऊन आला, तेव्हा फुलाबाई ओट्यावर मिश्री लावत होत्या. मध्येच त्यांचं बोट थांबलं.

"चंद्रे, ह्या मिश्रीला काय केलंस?"

"सर्दली हुती, आत्याबाई. म्या... पुन्यांदा भाजली."

फुलाबाईंनी चूळ भरली, दातांवरून जीभ फिरवली. "आगं, दात कसं घासल्या भांड्यावानी झाल्यात! गेणूबा, गाडी फिरीव. ही गेली तर मला अशी मिश्री कोन भाजून देनार?"

चंद्रा लगबगीनं म्हणाली, "म्या भरून ठिवते की, आत्याबाई! परतून येस्तवर पुरंल एवढी हाय भाजल्याली."

"मंग आन बिगीनं."

ती गोठ्यात धावली. रांजणात कोंबड्या पिसं फुलवून मनसोक्त लोळत होत्या. ही अंघोळ त्यांना चांगलीच मानवली होती. चंद्रानं त्यांना हुसकावलं आणि हाताला लागेल ते गाडग्यात भरलं. चाळत बसायला आता वेळ कुणाला होता?

गाडी कालव्याच्या रस्त्याला लागते न लागते तोच मागून फुलाबाईंचा कौतुकाचा आवाज आला, "म्हाळसे, ये! माज्या सुनंच्या हातची मिश्री लावून तर बघ!"

मग म्हाळसा म्हणाली, "फुलाबाई, मिश्रीत हे पीस कसलं वं?"

"दादा," चंद्रा पदर सावरत म्हणाली, "बैलं हाण."